'गॉडझिला'चा जन्मदाता : एक पगारी नोकर

सिनेमा सुरू होताना पडद्यावर नावे येतात, तेव्हा आपण अंधारात खुर्चीचा नंबर शोधत असतो. शेवटी नावे येतात तेव्हा आपले लक्ष बाहेरच्या दाराकडे असते. नट-नट्यांची नावे आपल्याला पाठ असतात, फार तर दिग्दर्शकाचे. निर्माता म्हटला की डोळ्यांसमोर उभा राहतो तो पैसेवाला शेठ. मोठ्या गाडीतून उतरणारा, मुहूर्ताला नारळ फोडणारा.

जपानच्या मोठ्या चित्रपट कंपन्यांत मात्र निर्माता हा शेठ नसे. तो कंपनीचा पगारी माणूस असे. कथा कोणती घ्यायची, दिग्दर्शक कोण, खर्च किती, कोणत्या तारखेला चित्रपट थिएटरात लागला पाहिजे, ही सारी जबाबदारी त्याची. चित्रपट चालला तर फायदा कंपनीचा, पडला तर ठपका त्याच्यावर. आमच्यासारख्या कचेरीत फायली आणि व्हाउचरे सांभाळणाऱ्या माणसाला हा हिशेब लगेच कळतो. अशाच एका पगारी माणसाची ही हकीकत आहे. त्यांचे नाव तोमोयुकी तनाका. हे नाव आपल्या वाचकांपैकी फारच थोड्यांनी ऐकले असेल. पण त्यांनी जन्माला घातलेला प्राणी आपल्या मुलाबाळांनाही ठाऊक आहे. समुद्रातून वर येणारा, तोंडातून जाळ सोडणारा, इमारती तुडवत जाणारा गॉडझिला! जपानी भाषेत 'गोजिरा'. गोरिला आणि 'कुजिरा' म्हणजे देवमासा, या दोन शब्दांची ही जोडणी.

तनाका यांचा जन्म २६ एप्रिल १९१० रोजी ओसाकाजवळच्या काशिवारा येथे झाला. कानसाई विद्यापीठात शिक्षण झाले. नाटकाचे वेड पहिल्यापासून होते. १९४० साली ते एका छोट्या चित्रपट कंपनीत लागले. पुढच्याच वर्षी ती कंपनी 'तोहो' या बड्या कंपनीत विलीन झाली आणि तनाका तोहोचे नोकर झाले. युद्ध संपल्यावर १९४७ साली त्यांनी 'गिनरेई नो हाते' हा बर्फाळ डोंगरात पळालेल्या दरोडेखोरांचा चित्रपट काढला. त्याची कथा अकिरा कुरोसावा यांची आणि दिग्दर्शक सेनकिची तानिगुची. याच चित्रपटातून तोशिरो मिफुने हा नट प्रथम पडद्यावर आला आणि संगीतकार अकिरा इफुकुबे यांनीही चित्रपटाला पहिले संगीत याच वेळी दिले. दोघेही पुढे जगभर गाजले. नवा माणूस हेरून त्याला योग्य जागी उभा करणे, हे तनाकांचे कसब येथेच दिसून येते.

रणगाडे आले, फक्त युद्धनौका राहिल्या

१९४८ साली तोहोमध्ये जो संप झाला, तो आपल्या वाचकांना मुद्दाम सांगितला पाहिजे. युद्धानंतर तोहोच्या कामगारांची संघटना फार बळकट झाली होती. तिच्यात कॅमेरामनपासून सुतारापर्यंत सगळे होते, दिग्दर्शकसुद्धा होते. त्या वर्षी एप्रिलमध्ये नव्या व्यवस्थापनाने मोठ्या प्रमाणावर कामगार कपात जाहीर केली. कामगारांनी टोकियोतील किनुता येथील स्टुडिओचा ताबा घेतला आणि महिनोन्महिने तो सोडला नाही. पावसाच्या दृश्यांसाठी वापरायचे पाण्याचे मोठे पाइप आणि वादळाच्या दृश्यांचे प्रचंड पंखे त्यांनी फाटकाशी मांडून ठेवले. पंख्यांसमोर उधळायला तिखटाची पूडही तयार ठेवली होती, असे कुरोसावा यांनी आपल्या आत्मकथनात लिहिले आहे. सिनेमातले खोटे वादळ खऱ्या पोलिसांवर सोडायचे!

१९ ऑगस्ट १९४८ रोजी सुमारे दोन हजार पोलीस स्टुडिओभोवती जमले. त्यांच्या मदतीला जपानवर कब्जा करून बसलेल्या अमेरिकन सैन्याचे रणगाडे आले, डोक्यावर विमाने घिरट्या घालू लागली. सिनेमावाल्यांचा संप मोडायला एवढा फौजफाटा! 'आल्या नाहीत त्या फक्त युद्धनौका' हे वाक्य त्या दिवसापासून जपानी कामगार चळवळीत म्हणीसारखे झाले. कामगार हातात हात घालून गाणी म्हणत बाहेर पडले. ऑक्टोबरमध्ये तडजोड झाली आणि संघटनेच्या पुढाऱ्यांना जावे लागले. संप मोडतो तेव्हा घराघरांत काय होते, हे आपल्या वाचकांना वेगळे सांगायला नको.

याच वर्षी तनाका तोहोतून बाहेर पडले. कुरोसावा, तानिगुची आदी मंडळींनी मिळून काढलेल्या एका स्वतंत्र संस्थेत ते काम करू लागले. १९५२ साली अमेरिकेचा कब्जा उठला आणि त्याच वर्षी तनाका तोहोत परत आले. कब्जाच्या काळात अणुबॉम्बने केलेली होळी पडद्यावर किंवा छापून दाखवणे सोपे नव्हते. अमेरिकन अधिकाऱ्यांची सेन्सॉरची कात्री तयारच असे. हिरोशिमा-नागासाकी होऊन सात वर्षे झाली, पण ज्यांच्यावर बॉम्ब पडला त्यांना त्यावर मोकळेपणी बोलण्याचीही मुभा नव्हती. पुढे जे घडले ते समजायला ही गोष्ट ध्यानात ठेवावी लागते.

विमानातली खिडकी

१९५४ सालासाठी तनाकांकडे एक मोठा चित्रपट होता. तो इंडोनेशियाच्या कंपनीबरोबर भागीदारीत, इंडोनेशियातच काढायचा होता. महायुद्धानंतर एक जपानी सैनिक मायदेशी न परतता इंडोनेशियाच्या स्वातंत्र्यासाठी लढतो, अशी कथा होती. दिग्दर्शक तानिगुची ठरले, नटनट्या ठरल्या. पण इंडोनेशिया सरकारने जपानी मंडळींना व्हिसा दिला नाही. त्यात नवल काय? १९४२ ते १९४५ जपानी फौजांनी त्या देशावर राज्य केले होते, माणसांना वेठीला धरले होते. नुकसानभरपाईचा करार १९५८ पर्यंत झालाच नाही. ज्याने छळ केला त्याच्याच सैनिकाला मुक्तिदाता दाखवणारा सिनेमा छळ सोसलेल्यांनी का म्हणून काढू द्यावा? तनाका स्वतः जकार्ताला जाऊन विनवण्या करून आले. उपयोग झाला नाही.

परतीच्या विमानात ते काळजीत बसले होते. खर्च झालेला, थिएटरची तारीख ठरलेली आणि हातात चित्रपट नाही. नोकरदार माणसाची ही काळजी आहे. साहेबासमोर काय सांगायचे? खिडकीतून खाली समुद्र दिसत होता. या पाण्याखालून काही वर आले तर, असा विचार त्यांच्या मनात आला, असे ते पुढे अनेकदा सांगत. आदल्या वर्षी, १९५३ साली, अणुस्फोटाने जागा झालेल्या प्रागैतिहासिक प्राण्याचा एक अमेरिकन चित्रपट निघाला होता, तोही त्यांच्या मनात होता. म्हणजे कल्पना अगदी कोरी नव्हती हे खरे. परंतु जपानमध्ये त्या दिवसांत जे चालले होते, त्यामुळे तिचा अर्थच पालटला.

१ मार्च १९५४ रोजी अमेरिकेने प्रशांत महासागरातील बिकिनी बेटावर हायड्रोजन बॉम्बचा स्फोट केला. हिरोशिमाच्या बॉम्बच्या सुमारे हजारपट ताकदीचा. शंभराहून अधिक किलोमीटर दूर 'पाचवा भाग्यवान ड्रॅगन' नावाची जपानी मासेमारी नौका होती. तिच्यावर २३ खलाशी होते. काही तासांनी आकाशातून पांढरी राख पडू लागली. ती डेकवर साचली, केसांत, कपड्यांत शिरली. नौका याइझु बंदरात परतली तेव्हा सगळे आजारी होते. त्यांनी आणलेला मासा किरणोत्सारी निघाला आणि देशभर मासळी बाजार बसला. जपानी माणसाच्या जेवणात मासा म्हणजे आपल्याकडची भाजी-भाकरी. बॉम्ब थेट ताटात आला! टोकियोच्या सुगिनामी भागातील गृहिणींनी पुढाकार घेऊन बॉम्बविरोधी सह्यांची मोहीम चालवली. बघता बघता ती देशभर पसरली आणि १९५५ च्या ऑगस्टपर्यंत सह्या तीन कोटींच्या वर गेल्या. आमच्या मते या बायांवर स्वतंत्र लेख व्हायला हवा.

नौकेवरचे रेडिओ चालक आइकिची कुबोयामा २३ सप्टेंबर १९५४ रोजी मरण पावले. वय अवघे चाळीस. 'गोजिरा' थिएटरात लागला तो ३ नोव्हेंबर १९५४ रोजी, म्हणजे जेमतेम सव्वा महिन्याने. चित्रपटाची सुरुवातच एका जहाजावरच्या खलाशांनी होते. समुद्र उजळतो आणि जहाज जळून बुडते. थिएटरात बसलेल्या एकाही माणसाला हे कशाबद्दल आहे ते समजावून सांगावे लागले नाही.

पण 'कल्पना सुचली' म्हणजे चित्रपट झाला असे नव्हे. तनाकांनी आपले वरिष्ठ इवाओ मोरी यांना पटवले. मोरींनी विचारले ते एवढेच की, ट्रिक-दृश्ये करणारे एजी त्सुबुराया हे करू शकतील का? त्सुबुरायांनी होकार दिला आणि एप्रिलमध्ये गुप्तपणे 'जी' या सांकेतिक नावाने काम सुरू झाले. हे त्सुबुराया म्हणजे युद्धकाळात पर्ल हार्बरच्या हल्ल्याचा प्रचारपट ज्यांच्या हातांनी सजला तेच. त्याबद्दल युद्धानंतर त्यांना काही वर्षे तोहोबाहेर राहावे लागले होते. दिग्दर्शक म्हणून तनाकांनी इशिरो होंडा यांना घेतले. होंडा तीनदा सैन्यात ओढले गेलेले, चीनमध्ये युद्धकैदी राहिलेले. १९४६ मध्ये घरी परतताना त्यांनी गाडीतून हिरोशिमाची राख पाहिली होती. मूळ कथा शिगेरु कायामा यांच्याकडून लिहून घेतली, संगीताला पुन्हा इफुकुबे. ज्याच्या मनात जे साचले आहे, त्याला ते ओतायची जागा देणे हे निर्मात्याचे खरे काम, आणि तनाकांनी ते चार-सहा आठवड्यांत केले.

कंपनीतले बरेच जण हसत होते. राक्षसाचा सिनेमा! होंडांनी आपल्या माणसांना सांगितले की, ज्याला हे मनापासून पटत नसेल त्याने आत्ताच दूर व्हावे. एकदा होंडा आणि त्सुबुराया गिंझा भागातील एका मोठ्या दुकानाच्या गच्चीवर उभे राहून कोणती इमारत कशी पाडायची, कुठे आग लावायची याची चर्चा करत होते. ते ऐकून तिथल्या पहारेकऱ्याने त्यांना अडवून चौकशी केली, असा किस्सा आहे.

त्याच वर्षी तोहोचा कुरोसावा-दिग्दर्शित 'सेव्हन सामुराई' वीस कोटी येनच्या वर गेला होता. 'गोजिरा'ला सुमारे सहा कोटी लागले, जाहिरात व वितरण धरून दहा कोटींच्या घरात. नेहमीच्या चित्रपटाच्या दुपटीहून अधिक खर्च. एकाच वर्षी दोन्ही आपटले असते तर कंपनीच बसली असती. त्सुबुरायांना बाहुली एकेक चित्राने हलवून राक्षस दाखवायचा होता, पण त्याला सात वर्षे लागतील असा त्यांचा अंदाज. तारीख होती नोव्हेंबरची. म्हणून मग माणसालाच राक्षसाच्या कातडीत घातले.

तो माणूस हारुओ नाकाजिमा. पहिला पोशाख शंभर किलोच्या आसपास. आत हवा नाही, वर दिव्यांची भट्टी. काही मिनिटांतच बाहेर काढावे लागे आणि पोशाखातून घाम पेल्याने ओतून टाकावा लागे. १९७२ पर्यंत हे काम त्यांनी केले. मग मोठ्या कंपन्यांचे दिवस फिरले. जगाला थरकाप भरवणाऱ्या या माणसाला तोहोने आपल्याच आवारातील बोलिंग खेळाच्या केंद्रात कामाला लावले. नाकाजिमा २०१७ साली वारले. राक्षसाची डरकाळी हीसुद्धा अशीच हातमजुरी आहे. इफुकुबेंनी कातडी हातमोज्याला राळ फासून एका मोठ्या तंतुवाद्याची तार घासली आणि तो आवाज फिरवून वापरला.

'गोजिरा' पाहायला ९६ लाख माणसे आली. पडद्यावर टोकियो जळते, इस्पितळात जखमींच्या रांगा लागतात, डॉक्टर एका लहान मुलीजवळ किरणोत्सार मोजायचे यंत्र नेतात आणि मान हलवतात. आगगाडीतली एक तरुणी सहज बोलून जाते की नागासाकीतून जीव वाचवून आले ते यासाठी का! शेवटी एक शास्त्रज्ञ आपल्या शोधाने राक्षसाला मारतो, पण तो शोध राज्यकर्त्यांच्या हाती पडू नये म्हणून कागद जाळतो आणि स्वतःही समुद्राच्या तळाशी मरण पत्करतो. एक गोष्ट मात्र सांगितली पाहिजे. हा चित्रपट जपानने सोसलेले सांगतो. जपानने इंडोनेशियात, चीनमध्ये, कोरियात जे केले त्यावर तो गप्प आहे. ज्या प्रवासातून तो जन्मला, त्या जकार्ताच्या बंद दाराचा त्यात मागमूस नाही.

अमेरिकेत तो १९५६ साली गेला, तेव्हा त्यात एक अमेरिकन पत्रकार घुसवला आणि बॉम्बची बरीचशी बोलणी कापली. बॉम्ब टाकणाऱ्या देशाला राक्षस चालला, पण राक्षसाचे गाऱ्हाणे चालले नाही!

पुढचा हिशेब

पुढे तनाकांनी राक्षसांचे दुकानच मांडले. 'रोडान', 'मोथ्रा', तीन डोक्यांचा 'घिडोरा'. १९६२ साली किंग काँगशी गोजिराची झुंज लावली, तर १ कोटी १२ लाख प्रेक्षक आले. त्याच काळात कुरोसावांचे 'योजिम्बो', 'हाय अँड लो', 'रेड बिअर्ड' हे चित्रपटही निर्माते म्हणून तनाकांच्याच नावावर आहेत. एका हाताने राक्षस, एका हाताने कुरोसावा! त्यांच्या नावावर दोनशेच्या वर चित्रपट आहेत. इतकी कामे करूनही ज्याचे नाव कुणाला आठवत नाही असा दुसरा माणूस शोधून सापडणार नाही.

पण घरात टीव्ही आला. जपानमध्ये १९५८ साली ११२ कोटी सिनेमा तिकिटे खपली होती, १९७५ साली ती जेमतेम १७ कोटी उरली. खर्च कापायचा तर कुठे? जुन्या चित्रपटातली आगीची, पडझडीची दृश्ये कापून नव्यात जोडली गेली. बॉम्बचा तो भयाण साक्षीदार मुलांचा लाडका झाला, उड्या मारू लागला, पृथ्वीचे रक्षण करू लागला. सुटीत मुलांना घेऊन आई-बाप येतील एवढाच हिशेब उरला. हे तनाकांच्याच सहीने झाले. हे सांगताना आम्ही त्यांना सूट देणार नाही. परंतु स्टुडिओत चूल पेटती ठेवण्याचा ताळेबंदही त्यांच्याच टेबलावर होता, हेही खरे.

१९७१ साली तनाका आजारी पडून इस्पितळात होते. तेवढ्यात तरुण दिग्दर्शक योशिमित्सु बान्नो यांनी कारखान्यांच्या घाणीतून जन्मलेल्या 'हेडोरा' राक्षसाचा चित्रपट केला. मिनामाताच्या पाऱ्याचा आणि योक्काइचीच्या धुराचा तो काळ. विषय अगदी योग्य. पण शेवटी बान्नोंनी गोजिराला तोंडातला जाळ मागे सोडत आकाशात उडवला! तो पाहून तनाका संतापले, तू गोजिराची वाट लावलीस अशा अर्थाचे बोलले, असे बान्नो पुढे सांगत. आम्हाला हा राग थोडा गमतीचा वाटतो. उड्या मारायला लावल्या त्या चालल्या, उडाला तेवढे खटकले. १९७५ च्या चित्रपटाला तर दहा लाखही प्रेक्षक मिळाले नाहीत आणि दुकान नऊ वर्षे बंद राहिले.

मधल्या काळात कुरोसावांना जपानमध्ये पैसा मिळेनासा झाला होता. १९८० साली 'कागेमुशा'साठी अमेरिकेतून कपोला आणि लुकास यांनी जोर लावला. इकडे तोहोच्या बाजूने कुरोसावांबरोबर निर्माते म्हणून नाव होते तनाकांचे. कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक त्या चित्रपटाला विभागून मिळाले. एका गरीब चोराला मेलेल्या सरदाराची जागा घेऊन मिरवावे लागते, अशी ती कथा.

गोजिरा मात्र तनाकांना स्वस्थ बसू देत नव्हता. तो पुन्हा पहिल्यासारखा, भीतिदायक व्हावा असा त्यांचा हट्ट होता. १९८४ साली, वयाच्या चौऱ्याहत्तराव्या वर्षी, त्यांनी तो तसा परत आणला. मधले सगळे चित्रपट झालेच नाहीत असे धरून कथा थेट १९५४ ला जोडली. त्या वेळी अमेरिका आणि रशिया दोघांनीही जगाच्या डोक्यावर क्षेपणास्त्रे रोखून धरली होती. चित्रपटात दोन्ही महासत्ता जपानच्या पंतप्रधानांकडे येतात आणि म्हणतात, राक्षसावर अणुबॉम्ब टाकू द्या. पंतप्रधान दोघांनाही ठाम नकार देतात. प्रेक्षक आले ३२ लाख. तीस वर्षांपूर्वीच्या तुलनेत एक तृतीयांश, पण दुकान पुन्हा उघडले. १९५४ पासून १९९५ पर्यंत निघालेल्या बावीसही गोजिरा-चित्रपटांवर निर्माता म्हणून तनाकांचे नाव आहे. १९९५ च्या चित्रपटात गोजिराच्या शरीरातली अणुभट्टीच तापत जाते आणि तो वितळून मरतो.

तनाका २ एप्रिल १९९७ रोजी, वयाच्या ८६ व्या वर्षी वारले. त्यांच्या पत्नी चिएको नाकाकिता या स्वतः अभिनेत्री. कुरोसावांच्या १९४७ च्या एका चित्रपटात खिशात जेमतेम पैसे घेऊन रविवार घालवणाऱ्या गरीब जोडप्यातली तरुणी त्यांनी केली होती. त्या २००५ पर्यंत होत्या.

१९९८ साली हॉलिवूडने प्रचंड खर्च करून आपला 'गॉडझिला' काढला. तो आपल्यापैकी काहींनी पाहिला असेल. तो चित्रपट तनाकांच्या स्मृतीला अर्पण केलेला आहे, तसे नाव पडद्यावर येते. त्यातही राक्षस अणुचाचणीतूनच जन्मतो. पण चाचणी दाखवली आहे ती फ्रान्सची.